घोड, कुकडी, प्रवरा: पांढरीच्या टेकाडांवरची भटकंती

मी शाळेत इतिहास शिकवते. ताम्रपाषाणयुग, म्हणजे तांबं आणि दगड दोन्हीची हत्यारं वापरायचा काळ, आलं की इनामगाव, जोर्वे, दायमाबाद ही नावं येतात, मुलं पाठ करतात आणि परीक्षा झाली की विसरतात, कारण पुस्तकात त्यांना जागाच फार थोडी मिळते. मला कित्येक वर्षांपासून ही गावं सलग बघायची होती. यंदा जानेवारीत मावसभाऊ, म्हणजे आमचा दादा, आणि वहिनी तयार झाले, गाडी दादाची. दादा इंजिनिअर आहे आणि त्याचं ठाम मत होतं की पुरातत्त्व म्हणजे चार खापरं बघून रचलेली गोष्ट. मला ते पटत नव्हतं, पण त्याच्या प्रश्नांना नीट उत्तरंही द्यायची होती, त्यामुळे रस्ताभर वाद घालतच आम्ही फिरलो.

शुक्रवार : डेक्कन कॉलेज आणि इनामगाव

सुरुवात पुण्यातूनच केली. येरवड्याला डेक्कन कॉलेजचं पुरातत्त्वाचं म्युझियम आहे. हसमुख सांकलिया १९३९ पासून इथे होते आणि महाराष्ट्राच्या प्रागैतिहासिक काळाबद्दल आज आपण जे काही बोलतो त्यातलं बरंचसं त्यांच्या आणि त्यांच्या विद्यार्थ्यांच्या कामातून आलंय. काळ्या दगडाची इमारत, मोठी झाडं, सकाळची थंडी, आत आमच्याशिवाय कुणीच नाही.

एका रिसर्च करणाऱ्या मुलीने आम्हाला जोर्वे पद्धतीच्या खापराचा तुकडा दाखवला. लाल रंग, त्यावर काळ्या रंगात तिरक्या रेघा, आणि तिने नखाने टिचकी मारली तर खणकन आवाज आला, एखाद्या धातूच्या वाटीसारखा. ती म्हणाली, "हा आवाज म्हणजे भट्टीचं तापमान. एवढी भाजायला यांना भट्टी चांगलीच जमत होती." दादाने स्वतः दोनदा टिचकी मारून बघितली आणि लगेच विचारलं की आवाजावरून माणसं कशी होती ते कसं कळणार. ती हसून म्हणाली, "नाही कळत सर. भट्टी कळते."

हे उत्तर मला फार आवडलं आणि पुढे ठिकठिकाणी उपयोगी पडलं.

ज्यांना जायचंय त्यांनी आधी फोन करून वेळ विचारून घ्या, शनिवार-रविवारच्या भरवशावर राहू नका. आणि साइट बघायच्या आधी म्युझियम बघा, कारण साइटवर बघण्यासारखं जवळजवळ काहीच उरलेलं नसतं. खोदकाम झालं की खड्डे बुजवतात, वस्तू म्युझियममध्ये जातात, तिथे राहतं ते जुन्या वस्तीच्या पांढरट मातीचं, म्हणजे पांढरीचं, टेकाड आणि शेत.

दुपारी न्हावऱ्यावरून इनामगाव. पुण्याच्या पूर्वेला साधारण ९० किलोमीटर, शिरूर तालुक्यात, घोड नदीच्या काठी. गावात "उत्खनन झालेलं टेकाड कुठे" विचारलं की कुणीतरी बरोबर येतंच. आमच्याबरोबर एक आजोबा आले, सत्तरी ओलांडलेले, टोपी, हातात काठी, आणि निम्म्या वाटेत कळलं की तरुणपणी ते स्वतः त्या खोदकामावर मजुरीला होते! डेक्कन कॉलेजने इथे १९६८ पासून जवळपास दीड दशक, हंगामामागून हंगाम खोदकाम केलं. सांकलिया, मधुकर ढवळीकर, झैनुद्दीन अन्सारी ही त्यातली मुख्य नावं.

आजोबांना मी विचारलं की काम कसं चालायचं. ते खाली बसले, हाताने मातीवर रेघ ओढली आणि सांगायला लागले, "कुदळ पहिल्या दोन दिसाची. मग बारकी खुरपी, मग ब्रश. मातीचा रंग बदलला की हात थांबवायचा. समजा इथं वाटोळा काळपट डाग दिसला, बाजूला पिवळी माती, म्हंजी तिथं मेढ पुरलेली होती. लाकूड कुजलं पण भोक राहिलं. असे डाग जोडत गेलं की घर निघायचं." दादा तिथेच उकिडवा बसला आणि बराच वेळ काही बोलला नाही. घर म्हणजे भिंत सापडते असं त्याला वाटत होतं, डागांच्या रांगेवरून घराचा आकार काढतात हे त्याला नवीन होतं.

मग मी पुढचं सांगितलं. इथे इ.स.पू. १६०० ते ७०० पर्यंत वस्ती होती. आधी माळवा संस्कृतीचे लोक, मग इ.स.पू. १४०० च्या सुमाराला पूर्व (म्हणजे आधीचे) जोर्वे, आणि १००० नंतर उत्तर (म्हणजे नंतरचे) जोर्वे. ही सनावळी जळक्या कोळशातल्या कार्बन-१४ या हळूहळू घटत जाणाऱ्या किरणोत्सारी कार्बनच्या मोजणीवरून येते, साधारण ५७३० वर्षांत कार्बन-१४ निम्मा होतो या हिशोबाने. पूर्व जोर्वेच्या काळात ऐसपैस चौकोनी घरं आहेत, एक पाच खोल्यांचं घर आहे, शेजारी धान्याचं कोठार. उत्तर जोर्वेत बघता बघता लहान गोल झोपड्या येतात, भांडीही तेवढी देखणी राहत नाहीत. ढवळीकरांनी याचा अर्थ असा लावला की पाऊस कमी झाला, शेती बसली, लोक गरीब झाले आणि अर्धे भटके होत गेले.

आणि पाच खोल्यांचं घर? ते गावप्रमुखाचं, कारण मोठं आहे आणि कोठाराला लागून आहे. तिथल्या एका दफनाचाही या प्रमुखाशी संबंध लावला जातो. चार पायांचं कच्च्या मातीचं मोठं भांडं आणि त्यात साधारण चाळिशीतला पुरुष बसलेल्या अवस्थेत. इतर मोठ्या माणसांची दफनं आडवी असतात, डोकं उत्तरेला, आणि घोट्यापासून पाय तोडलेले. याचे पाय शाबूत होते.

पायांचं ऐकून वहिनी एकदम गप्प झाल्या. पाय का तोडले असतील? नेहमी दिलं जाणारं स्पष्टीकरण म्हणजे मेलेला माणूस भूत होऊन निघून जाऊ नये, घराजवळच रहावा. दफनं घराच्या जमिनीखाली किंवा अंगणात आहेत, म्हणजे मेलेल्यांना लांब पाठवायचं नव्हतं हे उघड आहे. पण तोडलेले पाय हाडांवर दिसतात आणि भुताची भीती हाडांवर दिसत नाही. ती आपण आपल्या गावातल्या भुताखेतांच्या गोष्टी आठवून तिथे ठेवतो. गावप्रमुखाचंही तेच, पाच खोल्या दिसतात, कोठार दिसतं, प्रमुख हा तर्क आहे. चांगला तर्क आहे, मला पटतो, पण शाळेत मी तो आजवर वस्तुस्थिती म्हणून सांगत होते आणि यापुढे दोन वेगळ्या वाक्यांत सांगणार आहे, आधी काय सापडलं आणि मग त्यावरून कुणाला काय वाटलं.

दादाने लगेच पकडलं, "म्हणजे मी म्हणत होतो तेच ना, अंदाज." पण अंदाज तपासता येतो हाच तर मुद्दा आहे. इनामगावला दोनशेहून जास्त दफनं मिळाली, बहुतेक लहान मुलांची, दोन मडकी आडवी ठेवून तोंडाला तोंड लावलेली आणि आत बाळ. जॉन लुकाच आणि सुभाष वाळिंबे यांनी त्यांचे दात तपासले, हाडं तपासली. नंतर ग्वेन रॉबिन्स शुग यांनी याच मुलांच्या सांगाड्यांवरून हवामान बदलाच्या गोष्टीवरच प्रश्न घातले, की शेवटच्या काळात मुलांची वाढ खुंटलेली दिसते हे खरं, पण पाऊस त्याच वेळी अचानक कमी झाला असं धरायला पुरावा आहे का, हा भाग आधीपासूनच कमी पावसाचा होता. ढवळीकरांनी हाडं जपून ठेवली, नोंदी छापल्या, म्हणून तीस-चाळीस वर्षांनी दुसरं कुणी त्यांच्याशी वाद घालू शकलं. मला हे फार मोठं वाटतं.

संध्याकाळी आजोबांच्या घरी चहा झाला, नातवाने ओंजळभर बोरं आणून दिली. इनामगावच्या खोदकामात बोराच्या जळक्या बिया मिळाल्यात, जव मिळालंय, मसूर, कुळीथ, वाल मिळालेत. मी हे सांगितल्यावर त्या पोराने हातातल्या बोराकडे असं काही बघितलं की माझा पूर्ण दिवस वसूल झाला. रात्री शिरूरला मुक्काम, जेवायला कुळथाच्या पिठाचे शेंगोळे, वर कच्चं तेल आणि लसणाचा ठेचा. इथे याल तेव्हा शेंगोळे चुकवू नका, थंडीत तर नाहीच.

टिप : टेकाडावर खापरं पायाखाली येतात, उचलून खिशात घालू नका. तुकडा कुठे पडला होता हे गेलं की त्याची निम्मी माहिती जाते. शेतातून जायचं असेल तर मालकाला विचारा, कुणी नाही म्हणत नाही, उलट ऊस तोडून देतात.

शनिवार : कुकडीकाठची राख

सकाळी नारायणगावला मिसळ आणि तिथून बोरी बुद्रुक. जुन्नर तालुका, द्राक्षं, ऊस, कांदा, आणि बिबट्या. हॉटेलवाल्याने दोनदा बजावलं की उसाच्या कडेने उन्हं उतरायच्या आत परत या, आणि ते गंभीरपणे घ्या, या भागात ती रोजची गोष्ट आहे.

बोरीला कुकडी नदीच्या काठात ज्वालामुखीच्या राखेचा थर आहे. आपल्या सह्याद्रीच्या लाव्हाचा आणि याचा संबंध नाही, तो साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. ही राख सुमात्रा बेटावरच्या तोबा ज्वालामुखीची, समुद्र ओलांडून आलेली. गावातल्या एका दादांनी आम्हाला काठावर उतरवलं. पिवळट गाळाच्या मधे फिकट, पांढुरकी पट्टी. चिमटीत घेतली तर टाल्कम पावडरपेक्षा जरा खरखरीत, बोटं चोळली की उन्हात बारीक चमकते, कारण ते काचेचे कण आहेत. वहिनी कितीतरी वेळ बोटं उन्हात धरून बघत होत्या. हजारो किलोमीटर लांबचा डोंगर फुटला आणि त्याची काच जुन्नरच्या नदीत!

पुरातत्त्ववाल्यांना ही राख महत्त्वाची, कारण त्याच गाळात दगडी हातकुऱ्हाडी सापडल्या, अश्युलियन म्हणतात त्या फार जुन्या अश्मयुगीन पद्धतीच्या. राखेचं वय कळलं की हत्यारांचं वय कळेल असा सरळ हिशोब. पण १९८० च्या दशकात मोजलं तेव्हा वय आलं साधारण १४ लाख वर्षं. मग १९९५ मध्ये शीला मिश्रा आणि सहकाऱ्यांनी दुसऱ्या पद्धतीने मोजलं तर ६.७ लाख. आणि काही भूशास्त्रज्ञ म्हणाले की ही राख तोबाच्या सगळ्यात अलीकडच्या मोठ्या स्फोटाची, म्हणजे फक्त ७५ हजार वर्षांपूर्वीची! पुढे गाळातल्या चुंबकीय दिशेचा अभ्यास झाला (पृथ्वीच्या चुंबकाची दिशा ७.८ लाख वर्षांपूर्वी उलटली होती), त्यावरून हे थर ७.८ लाख वर्षांपेक्षा जुने असल्याचं मांडलं गेलं.

दादाला इथे वाटलं की वाद आता तो जिंकला. चौदा लाख आणि पंच्याहत्तर हजार, एवढा फरक! नदीकाठच्या दगडावर बसून आम्ही तासभर भांडलो आणि ट्रिपमधला तो सगळ्यात चांगला तास होता. आकडे वेगळे का आले हे समजून घेतलं की गंमत कळते. राखेत नदीचे जुने कण मिसळले असतील तर वय उगाच जास्त येतं. तोबा एकदाच फुटला नाही, अनेकदा फुटला, आणि त्या राखांचं रसायन एकमेकांच्या फार जवळ जातं. राख जिथे पडली तिथेच आहे की पुराने दुसरीकडून आणून टाकली, हाही प्रश्न. आणि उलट बाजूने हत्यारंही साक्ष देतात, कारण अशा हातकुऱ्हाडी ७५ हजार वर्षांपूर्वीपर्यंत इथे चालू राहिल्या असं मानायला बाकीच्या साइट साथ देत नाहीत. चेन्नईजवळ अतिरमपक्कमला शांती पप्पू यांच्या टीमने अशाच हत्यारांचं वय १५ लाख वर्षांच्या आसपास काढलंय, २०११ मध्ये, वेगळ्याच पद्धतीने. म्हणजे बोरीची हत्यारं खूप जुनी असणं आता पूर्वीइतकं अशक्य वाटत नाही.

दादा शेवटी म्हणाला, "आमच्याकडे पण दोन मीटर वेगळं रीडिंग देतात तेव्हा आम्ही मीटर फेकत नाही, कॅलिब्रेशन बघतो." मी म्हटलं हेच तर मी कालपासून सांगतेय.

आळेफाट्याला मासवडी आणि बाजरीची भाकरी. रस्सा इतका झणझणीत की वहिनींनी ताक दोनदा मागवलं. मुक्काम संगमनेर. वाटेत एक टायर पंक्चर झाला, अर्धा तास गेला, बाकी रस्ता छान.

टिप : बोरीला बूट घालूनच उतरा, काठ निसरडा आहे. पावसाळ्यात जाऊ नका, थर पाण्याखाली जातात. राखेचा थर उकरू नका, बघायला चिमूटभर सैल कण खाली पडलेले असतातच.

रविवार : जोर्वे, दायमाबाद, नेवासे

जोर्वे संगमनेरजवळ प्रवरेकाठी. ज्या गावाचं नाव एका अख्ख्या संस्कृतीला मिळालं ते गाव साधं, शांत. सांकलिया आणि शां. भा. देव यांनी १९५०-५१ मध्ये इथे खोदकाम केलं, तांब्याच्या चपट्या कुऱ्हाडी आणि ती लाल-काळी खापरं. पारावरच्या लोकांना नाव कशावरून पडलं हे छान माहीत होतं आणि अभिमानही होता. चहा घेऊन पुढे निघालो.

दायमाबाद शोधायला वेळ लागला. श्रीरामपूर तालुक्यात प्रवरेच्या डाव्या काठाला, आणि आता तिथे गावच नाही, उजाड आहे. मॅप शेतात नेऊन सोडतो, तिथून विचारत विचारत जायचं. मोठं पसरलेलं टेकाड, बाभळी, वारा, शेळ्या चारणाऱ्या एक मावशी. मावशींना सगळं ठाऊक होतं, "ते तांब्याचे हत्ती सापडले ती जागा ना?"

१९७४ साली छबू लक्ष्मण भिल्ल नावाचे शेतकरी झाडाचं मूळ खणत होते आणि त्यांना जमिनीत चार शिल्पं मिळाली. दोन बैलांचा रथ आणि तो हाकणारा उभा माणूस, एक हत्ती, एक गेंडा, एक रेडा. सगळी भरीव ओतलेली, मिळून साठ किलोपेक्षा जास्त वजन. रथ ४५ सेंटीमीटर लांब. प्रवरेच्या काठी गेंडा! आज आजूबाजूला ऊस आणि मका बघताना हे मनात बसवायला वेळ लागतो.

आता याचं वय काय? शां. अ. साळी यांनी त्यानंतर इथे मोठं खोदकाम केलं आणि एकावर एक वस्त्या उलगडल्या, सावळदा, उत्तर हडप्पा, दायमाबाद, माळवा आणि जोर्वे, साधारण इ.स.पू. २३०० पासून १००० पर्यंत. साळींनी ती शिल्पं उत्तर हडप्पा काळातली मानली. पण डी. पी. अग्रवाल यांनी धातू तपासला तर त्यात आर्सेनिक एक टक्क्याहून जास्त, आणि त्या काळातल्या इथल्या इतर तांब्याच्या वस्तूंमध्ये तसं दिसत नाही, म्हणून त्यांनी शंका घेतली की शिल्पं कदाचित बरीच नंतरची असतील. आणि हा वाद कायमचा मिटवणं अवघड, कारण शिल्पं शास्त्रीय खोदकामात निघालेली नाहीत, ती नेमक्या कुठल्या थरात होती याची नोंद नाही. यात त्या शेतकऱ्याचा काडीचाही दोष नाही, त्यांना मूळ काढायचं होतं, आणि ती शिल्पं वितळली नाहीत, आपल्यापर्यंत आली, हेच केवढं भाग्य. पण इनामगावच्या आजोबांचा "रंग बदलला की हात थांबवायचा" किती मोलाचा, ते मला दायमाबादला उभं राहून खरं समजलं.

मोबाईलवर दिवसाआड फॉरवर्ड येतात, अमुक शिल्पाने तमुक गोष्ट सिद्ध झाली. दायमाबादचा रथही त्यात असतो. मला राग येतो त्याचा. पन्नास वर्षं जाणकार माणसं ज्याच्या वयावर वाद घालतायत, त्यातली सगळी अडचण पुसून टाकून एक घोषणा तेवढी ठेवायची, हा त्या वस्तूवरही अन्याय आहे आणि वाचणाऱ्यावरही.

मावशींनी जाताना विचारलं की तुम्ही सरकारचे का, इथे बोर्ड तरी लावा. मी त्यांना म्हटलं मी शिक्षिका आहे. "मग पोरं घेऊन या," म्हणाल्या. फेब्रुवारीत नववीचा वर्ग न्यायची परवानगी मागितली आहे.

संध्याकाळी नेवासे. इथेही प्रवरा. ज्ञानेश्वरांनी १२९० मध्ये ज्ञानेश्वरी सांगितली ती ही जागा, पैस खांबाला टेकून थोडा वेळ बसलो, खूप गर्दी होती, प्रसाद घेतला, आणि मग लाडमोड टेकाडाकडे. सांकलियांनी १९५४ पासून इथे खोदलं. अश्मयुगातल्या हत्यारांपासून ते मध्ययुगापर्यंत माणूस या काठावर येतच राहिला, मधल्या सातवाहन काळात रोमशी व्यापाराच्या खुणा म्हणून दोन कानांच्या दारूच्या कुंभांचे तुकडेसुद्धा आहेत.

पण मला नेवाशाला यायचं होतं ते एका लहान मुलासाठी. ताम्रपाषाणयुगातलं दफन, गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ, आणि मण्यांच्या आत दोऱ्याचा अवशेष. तपासल्यावर त्यात रेशीम आणि कापूस निघाले. दोरा एरवी कुजून जातो, इथे तांब्याच्या क्षारांनी तो राखला. तीन हजारांहून जास्त वर्षांपूर्वी कुणीतरी या मुलासाठी मणी ओवले होते. ते का ओवले, सणाला, की नजर लागू नये म्हणून, की नुसतं आवडलं म्हणून, मी त्यात काही घालणार नाही. रेशीम आणि कापूस एकत्र कातून मणी ओवणारे हात इथे होते, एवढं मात्र पक्कं. वहिनींनी विचारलं मूल मुलगा होता की मुलगी. एवढ्या लहान वयाच्या नुसत्या हाडांवरून ते सांगणं फार अवघड असतं. त्यावर दादाच म्हणाला, "डीएनए बघता येईल ना कधीतरी?" आपल्याकडच्या उष्ण हवेत डीएनए टिकणं कठीण, पण प्रयत्न होतात, हरियाणात राखीगढीच्या एका सांगाड्यातून मिळाला, २०१९ मध्ये तो निबंध आला. परतीच्या वाटेवर दादा त्याच्याबद्दलच विचारत होता.

जाणाऱ्यांसाठी शेवटच्या दोन गोष्टी. दायमाबादची शिल्पं दायमाबादला नाहीत, ती मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आणि दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात विभागली आहेत, त्यामुळे ट्रिपच्या आधी किंवा नंतर तिथे एक चक्कर ठेवा. आणि इनामगाव, दायमाबाद दोन्हीकडे सावली नाही, हॉटेल नाही, पाणी आणि डबा बरोबर घ्या, डिसेंबर-जानेवारी सोडून जायचं असेल तर सकाळी लवकर.